वारसा द्यावा की वाट मोकळी ठेवावी?

मुलाला जन्म देताना आपण त्याची संमती घेत नाही. त्याचे नाव, त्याची मातृभाषा, त्याचे आजोळ यांपैकी काहीही त्याने निवडलेले नसते. हे सारे आपण निःशंकपणे त्याच्या पदरात घालतो. धर्माचा प्रश्न आला की मात्र आजच्या सुशिक्षित घरांतून एक वाक्य वारंवार ऐकू येते : ‘मूल मोठे होऊ दे, मग त्याचे ते ठरवील.’ या वाक्यात मुलाविषयीचा आदर आहे, हे नाकारता येत नाही. परंतु त्यात पालकांची टाळाटाळही दडलेली असू शकते. या दोहोंतील भेद ओळखायचा कसा, हा या लेखाचा विषय आहे.

हा प्रश्न स्वतःच्या घरापासून सुरू केला, तर आपण आपल्या सवयींचे समर्थन करीत बसू, अशी भीती असते. म्हणून शेजारच्या एका घराकडे पाहू. ज्यांच्यासाठी हा प्रश्न शतकानुशतके जीवनमरणाचा ठरला, त्या यहुदी समाजाकडे आणि विशेषतः आपल्याच कोकणपट्टीत मराठी बोलत वाढलेल्या बेने इस्राएल समाजाकडे.

या समाजाची परंपरा सांगते की, अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर त्यांच्या पूर्वजांचे गलबत फुटले आणि सात जोडपी तेवढी वाचली. ग्रंथ, कागदपत्रे सारे समुद्रात गेले. वाचलेली माणसे गावोगाव विखुरली आणि तेल गाळण्याचा व्यवसाय करू लागली. गावांच्या नावांवरून त्यांची आडनावे पडली : रोहेकर, पेणकर, केहिमकर, दिवेकर, अष्टमकर. भाषा मराठी झाली, पोशाख शेजाऱ्यांसारखा झाला, लग्नात मेंदी आली. हिब्रू भाषा विसरली गेली. शनिवारी मात्र त्यांचे घाणे बंद राहत. म्हणून गावकरी त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणू लागले.

काय उरले होते त्यांच्यापाशी? शनिवारची विश्रांती, आठव्या दिवशी मुलाची सुंता, खाण्यापिण्याचे काही निर्बंध, काही सण आणि परमेश्वर एकच आहे असे सांगणारी ‘शेमा’ ही प्रार्थना. धर्मगुरू नव्हते, शाळा नव्हती, ग्रंथ नव्हता. होते ते फक्त घर. वर्षारंभाच्या सणाला त्यांनी ‘नव्याचा सण’ असे साधे मराठी नाव दिले. एलिया संदेष्ट्याच्या नावाने पोहे, खोबरे, गूळ आणि फळे यांचा ‘मलिदा’ करून आभार मानण्याची प्रथा त्यांच्यात रुजली आणि आजही ती चालू आहे.

पुढे कोचीनच्या यहुदी शिक्षकांनी त्यांना विधी पुन्हा शिकवले. मुंबईत त्यांचे पहिले सभास्थान १७९६ मध्ये उभे राहिले. मशीद बंदर या रेल्वेस्थानकाचे नाव त्याच सभास्थानावरून पडले असे सांगतात. एकोणिसाव्या शतकात प्रॉटेस्टंट मिशनऱ्यांनी त्यांच्यासाठी शाळा काढल्या, डॉ. जॉन विल्सन यांनी १८३२ मध्ये मराठीतून हिब्रूचे व्याकरण सिद्ध केले. मिशनऱ्यांचा हेतू धर्मांतराचा होता, हे उघड आहे. बेने इस्राएलांनी व्याकरण घेतले, जुना करार मराठीतून वाचला आणि त्यांतील फारच थोड्यांनी धर्म बदलला. बहुतेक जण अधिक जाणते यहुदी झाले. १८४६ मध्ये मुंबईत ओलांडण सणाच्या विधीचा ग्रंथ, ‘हग्गादा’, मराठी भाषांतरासह छापला गेला. हरवलेला ग्रंथ त्यांच्या हाती परत आला तो मराठीतून.

या इतिहासातून पहिला बोध हा की, वारसा प्रथम ज्ञानाने टिकत नाही. तो आचाराने टिकतो. ज्ञान नंतरही येऊ शकते, पण ते रुजण्यासाठी आधी जमीन लागते. शनिवारी बंद ठेवलेला घाणा हीच ती जमीन होती. त्या घरातील मुलाला कदाचित शब्बाथचा अर्थ नीट सांगता आला नसता. परंतु आपले वडील आठवड्यातून एक दिवस पोटाच्या धंद्यापेक्षा काहीतरी मोठे मानतात, हे त्याने डोळ्यांनी पाहिले होते.

येथे कोणी विचारील, आणि विचारणे रास्तच आहे, की हे सारे मुलावर लादलेलेच नव्हते काय? आठ दिवसांच्या बालकाच्या देहावर कायमची खूण करणे, त्याला शेजारच्या मुलांहून वेगळे ठरवणे, आणि ज्या नावापायी युरोपात साठ लाख माणसे मारली गेली ते नाव त्याच्या कपाळी लिहिणे, हा अन्याय नव्हे काय? नाझी राजवटीनंतर अनेक यहुदी मातापित्यांनी हाच विचार केला. काहींनी आडनावे बदलली, काहींनी मुलांना त्यांचे मूळ सांगितलेच नाही. भयापोटी आणि प्रेमापोटी त्यांनी हे केले. त्यांना दोष देण्याचा अधिकार आपल्याला नाही.

तरीही ‘मोठे झाल्यावर ठरवील’ या भूमिकेत एक गृहीत आहे ते तपासले पाहिजे. धर्म न दिलेले घर म्हणजे कोरी पाटी, असे ते गृहीत आहे. परंतु कोरे घर कोठेच नसते. ज्या घरात प्रार्थना नाही त्या घरातही मूल काहीतरी शिकतच असते. कशासाठी घाई करायची, कोणापुढे वाकायचे, कशाची लाज बाळगायची आणि पैसा कोठे खर्च करायचा, हे ते पाहत असते. शुक्रवारच्या संध्याकाळी दिवे लागले नाहीत, तर ती संध्याकाळ मोकळी राहत नाही. तिथे बाजार येतो, दूरदर्शन येते, आता हातातला मोबाइल येतो. पालकांनी सोडलेली जागा दुसरे कोणीतरी घेते, आणि तो दुसरा मुलाची संमती विचारीत नाही.

भाषेचे उदाहरण येथे देण्यात येते. मूल अठरा वर्षांचे झाल्यावर आपली भाषा निवडील म्हणून त्याच्याशी तोवर बोलायचेच नाही, असे कोणी करीत नाही. एक भाषा आली तरच दुसरी शिकता येते. हे उदाहरण चांगले आहे, पण अपुरे आहे. मराठी खरी आणि तमिळ खोटी असे कोणी म्हणत नाही. धर्म मात्र सत्याविषयी काही सांगतो. आपल्याकडून निष्ठा मागतो. म्हणून धर्माचा वारसा देणाऱ्यावर भाषा देणाऱ्यापेक्षा मोठी जबाबदारी येते. ती जबाबदारी कोणती, हे समजण्यासाठी आपल्याच ख्रिस्तसभेच्या इतिहासातील एका दुःखद प्रकरणाकडे पाहावे लागेल.

इटलीतील बोलोन्या शहर त्या काळी पोपमहोदयांच्या राज्यात मोडत असे. तेथील मोर्तारा या यहुदी कुटुंबात एडगार्दो नावाचा मुलगा होता. तान्हेपणी तो आजारी पडला असताना घरातील ख्रिस्ती मोलकरणीने, तो दगावेल या भीतीने, कोणालाही न सांगता त्याला स्नानसंस्कार दिला. मूल वाचले. पुढे ही गोष्ट अधिकाऱ्यांच्या कानी गेली. बाप्तिस्मा झालेल्या मुलाचे संगोपन ख्रिस्तेतर घरात होता कामा नये, असा त्या राज्याचा कायदा होता. जून १८५८ मध्ये शिपाई आले आणि सहा वर्षांच्या एडगार्दोला आईबापांपासून घेऊन गेले. युरोपभर निषेध झाला. राजे-मुत्सद्द्यांनी रदबदली केली, परंतु पोप नववे पायस यांनी मुलाला परत पाठवले नाही. एडगार्दो रोममध्ये वाढला, धर्मगुरू झाला आणि १९४० मध्ये बेल्जियममध्ये मरण पावला.

या प्रकरणातील सर्वांत अवघड गोष्ट शेवटी येते. एडगार्दो मोठेपणी आपल्या श्रद्धेत समाधानी होता. आपल्यावर कृपाच झाली असे तो मानीत असे. मग अन्याय झाला कोठे? मुलानेच मोठे होऊन संमती दिली की!

येथे थांबून विचार करावयास हवा. त्याचे समाधान खोटे होते असे म्हणण्याचे कारण नाही. परंतु ज्या हातांनी त्याला नेले त्याच हातांनी त्याला घडवले, आणि त्या घडणीतूनच त्याचे समाधान आले. तो बोलोन्यातच आईपाशी वाढला असता, तर बहुधा समाधानी यहुदी झाला असता. घडवून घेतलेले समाधान हे घडवणाऱ्याच्या अधिकाराचा पुरावा होऊ शकत नाही. चोरलेल्या रोपाला फळ आले म्हणून चोरी पुण्य होत नाही.

हा युक्तिवाद आपल्यावरही उलटतो, हे प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे. आपली मुले आपल्या श्रद्धेत सुखी आहेत, एवढ्यावरून आपण त्यांना ती दिली ते योग्यच होते असे सिद्ध होत नाही. तीही आपल्याच हातांनी घडली आहेत. मग मातापित्यांचा अधिकार येतो कोठून?

तेराव्या शतकात संत थॉमस अक्विनास यांनी याचे उत्तर शोधले होते. यहुदी मुलांना त्यांच्या आईबापांच्या इच्छेविरुद्ध स्नानसंस्कार देऊ नये, असे त्यांचे ठाम मत होते. मूल जन्माआधी आईच्या उदरात असते. जन्मानंतर, स्वतःची विवेकबुद्धी जागी होईपर्यंत, ते आईबापांच्या मायेत जणू दुसऱ्या उदरातच असते. तेथून त्याला ओढून काढणे हे निसर्गाने घालून दिलेल्या न्यायाविरुद्ध आहे. म्हणजे बोलोन्यातील घटनेपूर्वी सहा शतके आपल्या परंपरेतच तिचा निषेध सांगितला गेला होता. १९८३ च्या धर्मसंहितेनुसारही बालकाच्या स्नानसंस्कारासाठी आईबापांपैकी निदान एकाची संमती लागते. मरणाच्या दारी असलेल्या बालकापुरता अपवाद मात्र तिने ठेवला आहे.

अक्विनास यांची उपमा नीट पाहिली, तर तिच्यात पालकांच्या अधिकाराबरोबर त्याची सीमाही दिसते. उदर हे आश्रयाचे स्थान आहे, मालकीचे नव्हे. ते मुलाला पोसते ते अखेर बाहेर सोडण्यासाठी. ज्या अन्नावर आपण जगतो तेच मुलाला भरवतो, म्हणून भरवण्याचा अधिकार आपल्याला मिळतो. जे आपण स्वतः खात नाही ते मुलाच्या तोंडी कोंबण्याचा अधिकार कोणालाही नाही. शब्बाथ न पाळणाऱ्या बापाने मुलाला ‘आपण यहुदी आहोत, विसरू नकोस’ असे दटावणे, किंवा रविवारी मिस्सा चुकवणाऱ्याने मुलाला धर्मशिक्षणाच्या वर्गात ढकलणे, हे वारसा देणे नव्हे. ते नुसते नाव देणे झाले.

मुलाला बाहेर सोडण्याची तयारी वारशातच कशी करता येते, याचा सुंदर नमुना यहुद्यांच्या ओलांडण सणात सापडतो. त्या रात्रीच्या भोजनाची सुरुवात उपदेशाने होत नाही. घरातील सर्वांत लहान मूल प्रश्न विचारते : आजची रात्र इतर रात्रींहून वेगळी का? मुलाने विचारावे म्हणूनच ताटात कडू भाजी आणि बेखमीर भाकरी ठेवलेली असते. त्यानंतर चार प्रकारच्या मुलांची कथा येते : शहाणा, उद्दाम, भोळा आणि ज्याला विचारताच येत नाही तो. उद्दाम मुलगा विचारतो, हे सारे तुम्हांला कशासाठी? ‘तुम्हांला’ म्हणताना तो स्वतःला वेगळा काढतो. त्याला कठोर उत्तर मिळते, हे खरे. पण तोही त्याच मेजावर बसलेला असतो. त्याचा प्रश्न ग्रंथातून पुसला गेलेला नाही. दरवर्षी तो मोठ्याने वाचला जातो. आणि ज्याला विचारता येत नाही त्याच्याशी बोलण्यास सुरुवात पालकानेच करायची असते.

ज्या वारशात प्रश्नाला आसन आहे, तो वारसा बेडी होत नाही. असे मूल मोठे होऊन परंपरा सोडू शकते, पण आपण काय सोडतो आहोत हे त्याला ठाऊक असते. ज्याला काहीच मिळाले नाही तो काही सोडू शकत नाही आणि काही स्वीकारूही शकत नाही. ‘मोठे झाल्यावर ठरवील’ म्हणणाऱ्यांना हेच सांगावेसे वाटते : ठरवू द्याच, पण ठरवण्यासाठी त्याच्या हातात काहीतरी असू द्या.

यापुढचा प्रश्न अधिक नाजूक आहे. आईचा धर्म एक आणि वडिलांचा दुसरा असेल तर? अमेरिकेत २०२० साली झालेल्या एका मोठ्या पाहणीत असे आढळले की, २०१० नंतर विवाह केलेल्या यहुद्यांपैकी ६१ टक्क्यांचे जोडीदार यहुदी नव्हते. परंपरेच्या नियमानुसार यहुदी आईचे मूल यहुदी. अमेरिकेतील सुधारणावादी पंथाने १९८३ मध्ये ठरवले की, आई किंवा वडील यांपैकी कोणीही यहुदी असो, मुलाचे संगोपन यहुदी आचाराने झाले तर ते यहुदी मानावे. सनातनी पंथांना हे मान्य नाही. या वादात रक्त महत्त्वाचे की संगोपन, हाच प्रश्न आहे. कोकणातील बेने इस्राएल इस्रायलला गेले तेव्हा त्यांनाही याची झळ बसली. १९६० च्या दशकाच्या प्रारंभी तेथील धर्मपीठाने त्यांच्या विवाहांबाबत वंशाची चौकशी सुरू केली. शतकानुशतके शनिवार पाळलेल्यांकडे पुरावा मागितला गेला! त्यांनी आंदोलन केले आणि १९६४ मध्ये इस्रायलच्या संसदेने ते सर्वार्थाने यहुदी असल्याचे जाहीर केले.

मिश्रविवाहाचा प्रश्न आता आपल्या धर्मग्रामांतही घरोघरी येऊन ठेपला आहे. पूर्वी आपली ख्रिस्तसभा दोन्ही पक्षांकडून मुलांना कॅथलिक म्हणून वाढवण्याचे वचन घेत असे. १९७० पासून हे वचन केवळ कॅथलिक जोडीदार देतो, आपल्याकडून होईल तेवढे सारे करीन असे. दुसऱ्या जोडीदाराला त्याची कल्पना दिली जाते. हा बदल लहान नाही. समोरच्या माणसालाही सदसद्विवेकबुद्धी आहे आणि त्याचेही मुलावर ऋण आहे, याची ती कबुली आहे.

अशा घरात पुष्कळदा एक सोयीची वाट काढली जाते : दोन्ही सण साजरे करू, दोन्हीकडची मिठाई खाऊ, प्रार्थना मात्र कोणतीच नको. मुले दोन्ही परंपरांचे प्रेक्षक होतात, पण कोणत्याही एकीचे घरचे होत नाहीत. दोन्ही धर्मांचा आदर शिकवता येतो, शिकवलाच पाहिजे. परंतु रात्री निजताना मुलाने हात जोडायचे ते कोणत्या शब्दांत, हे आईवडिलांनी मिळून आणि विवाहापूर्वीच ठरवावे. पुष्कळ घरांत ते ठरत नाही. जो अधिक हट्टी असतो त्याचे होते आणि दुसरा गप्प राहतो. त्या गप्प बसण्यातील वेदना मुलांना कळते. एकाने दुसऱ्याला मोकळ्या मनाने मुभा दिली तर तो त्याग होतो. दमून माघार घेतली तर तो पराभव होतो, आणि पराभवावर रचलेले धर्मशिक्षण फार काळ तग धरीत नाही.

शेवटी तीन ख्रिस्ती स्त्रियांचा उल्लेख करावासा वाटतो. पहिली बोलोन्यातील ती मोलकरीण. दुसरी फ्रान्समधील आंत्वानेत ब्रुन. आईवडील १९४४ मध्ये आउश्वित्झला नेले गेले आणि परतलेच नाहीत, अशा फिनाली नावाच्या दोन यहुदी भावांना तिने जिवावर उदार होऊन वाचवले. पण युद्धानंतर नातेवाइकांनी मुले मागितली तेव्हा तिने ती दिली नाहीत. १९४८ मध्ये त्यांना स्नानसंस्कार दिला. मुलांना लपवून स्पेनमध्ये नेण्यात आले. काही धर्मगुरू आणि धर्मभगिनी त्यात सामील होते. १९५३ मध्ये मुले आत्याच्या स्वाधीन झाली. या दोघींच्याही मनात प्रेमच होते. मूल वाचवले की ते आपले झाले, एवढीच त्या प्रेमाची चूक होती.

तिसरी स्त्री आपल्या मुंबईची. २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यात कुलाब्याच्या नरिमन हाउसमध्ये रब्बी गॅव्रिएल होल्त्झबर्ग आणि त्यांची पत्नी रिव्का मारली गेली. त्यांच्या दोन वर्षांच्या मोशेला उचलून सँड्रा सॅम्युएल ही त्याची ख्रिस्ती दाई बाहेर पडली. मुलाची तिला सवय होती म्हणून ती त्याच्याबरोबर इस्रायलला गेली. मुलगा आपल्या आजीआजोबांच्या घरी, आपल्या आईवडिलांच्या परंपरेत वाढला. २०१० मध्ये इस्रायलने तिला सन्माननीय नागरिकत्व दिले. तिने मूल वाचवले आणि ज्यांचे त्यांना दिले. पहिल्या दोघींपेक्षा तिची श्रद्धा उणी होती, असे म्हणण्याचे धाडस कोण करील?

पवित्र कुटुंबाचे चित्र आपल्या प्रत्येक घरात असते. त्या चित्रातील घर यहुदी होते, हे आपल्या सहसा ध्यानी येत नाही. त्या बालकाची आठव्या दिवशी सुंता झाली. शब्बाथ त्याने त्या घरात पाहिला, शेमा त्याने तेथेच शिकला. बारा वर्षांचा झाल्यावर आईवडिलांबरोबर तो सणासाठी येरुशलेमला गेला आणि मंदिरात गुरुजनांना प्रश्न विचारीत बसला. त्याचे वागणे मरिया आणि योसेफ यांना त्या दिवशी समजले नाही, असे शुभवर्तमान स्पष्टपणे सांगते. त्यांनी जो वारसा त्याला दिला, त्यातूनच तो त्यांच्या समजुतीपलीकडे गेला होता. तरी त्यांनी त्याला देण्याचे थांबवले नाही, आणि आपल्याला समजत नाही म्हणून त्याला अडवलेही नाही.

द्वितीय व्हॅटिकन परिषदेने १९६५ मध्ये यहुदी समाजाशी असलेले आपले नाते नव्याने सांगितले. १९८६ मध्ये पोप दुसरे जॉन पॉल रोमच्या सभास्थानात गेले आणि त्यांनी यहुद्यांना आपले वडीलबंधू म्हटले. वडील भावाच्या घरातून शिकण्यासारखे पुष्कळ असते. १९४८ च्या सुमारास भारतात वीस हजारांच्या आसपास बेने इस्राएल होते. आज देशातील सर्व यहुदी मिळून चार-पाच हजारांच्या घरात आहेत. कोकणातल्या कित्येक सभास्थानांत प्रार्थनेला लागणारे दहा पुरुष जमवणे कठीण जाते. तरीही शुक्रवारी संध्याकाळी दिवे लावणारी घरे आहेत. आपली संख्या त्यांच्याहून कितीतरी अधिक आहे, चर्च आहेत, शाळा आहेत, धर्मगुरू आहेत. परंतु जे घरात व्हावयाचे ते घरातच व्हावे लागते. संध्याकाळची रोझरी आपल्या किती घरांत अजून होते, आणि ती चालू असताना मुलाने मध्येच ‘हे कशासाठी?’ असे विचारले, तर त्याला उत्तर देण्यासाठी आपण थांबतो की त्याला गप्प करून पुढचे रहस्य सुरू करतो, हे ज्याने त्याने आपल्या घरी पाहावे.